फार लॅप या घोड्याला खरंच विष घातलं होतं का? आणि ऑस्ट्रेलियात त्याचं इतकं कौतुक का?

तुम्ही विचारलंय की मेलबर्नच्या म्युझियममध्ये काचेच्या आत एक घोडा उभा आहे आणि लोक त्याच्यासमोर देवळात आल्यासारखे गप्प उभे राहतात, तर तो कोण आणि त्याला विष घातलं हे खरं का. मी अकरा वर्षं मेलबर्नमध्ये आहे, त्या काचेसमोर किती वेळा गेलोय ते मोजलेलं नाही, आणि माझे आजोबा पुण्याच्या रेसकोर्सवर मोतद्दार होते, पावसाळ्यात पुणे आणि थंडीत मुंबई, घोडे जातील तिकडे ते जायचे. त्यामुळे या घोड्याबद्दल मला थोडक्यात सांगता येत नाही, समजून घ्या.

विषाचं शेवटी सांगतो. आधी वजनाचं सांगायला हवं, नाहीतर हा घोडा कळतच नाही.

फार लॅपचा जन्म न्यूझीलंडमधल्या टिमारू गावाजवळचा, ४ ऑक्टोबर १९२६. ऑस्ट्रेलियाने त्याला आपलं मानलं ही नंतरची गोष्ट, न्यूझीलंडवाले अजून त्यावरून हक्काने भांडतात आणि त्यांचं बरोबर आहे. सिडनीत हॅरी टेलफर्ड म्हणून एक ट्रेनर होता, कायम पैशाची चणचण. त्याने लिलावाच्या यादीत या शिंगराची वंशावळ वाचली आणि डेव्हिस नावाच्या एका अमेरिकन व्यापाऱ्याच्या गळी उतरवलं की हा घे. १६० गिनींना, म्हणजे तेव्हाच्या इंग्रजी पैशांत अगदी स्वस्तात, सौदा झाला. घोडा बोटीने सिडनीला आला आणि डेव्हिसने बघितलं तर काय, हाडकुळं, बेढब, तोंडावर चामखिळी. तो इतका वैतागला की म्हणाला याच्या ट्रेनिंगवर मी एक पैसा घालणार नाही. शेवटी टेलफर्डनेच तीन वर्षांच्या कराराने तो घोडा स्वतःकडे घेतला, खर्च सगळा टेलफर्डचा आणि बक्षिसाचे दोन भाग त्याचे, एक भाग मालकाचा. थाई भाषेत आकाशात चमकणाऱ्या विजेला जे म्हणतात त्यावरून नाव ठेवलं फार लॅप, आणि पहिल्याच रेसमध्ये ही वीज सगळ्यात शेवटी आली. मग आणखी तीन रेस हरला. पाचव्या वेळी, एप्रिल १९२९ मध्ये, पहिल्यांदा जिंकला.

त्याला खच्ची केलेलं होतं, म्हणजे पुढे वंश चालवून पैसे मिळायची आशाच नाही, जे काय मिळवायचं ते पळूनच. टेलफर्ड त्याला वाळूच्या टेकड्यांवरून पळवायचा, इतकी मेहनत की बघणाऱ्यांना वाटायचं हा घोडा मारणार. पण तो वाढत गेला, खांद्यापाशी जवळजवळ पावणेदोन मीटर उंच झाला, आणि एकदा लय सापडल्यावर शेवटच्या ३५ रेसपैकी ३२ जिंकला. एकूण हिशोब ५१ रेस, ३७ विजय.

आता वजन. रेस न बघणाऱ्यांना हे माहीत नसतं म्हणून सांगतो. मेलबर्न कप ही हँडिकॅप रेस आहे, म्हणजे जो घोडा जास्त चांगला त्याच्या पाठीवर जास्त वजन. जॉकी आणि खोगीर मिळून ठरलेलं वजन भरलं नाही तर खोगिराखाली शिशाच्या पट्ट्या घालतात. महालक्ष्मीला आजही हँडिकॅप रेस असतात त्या याच तत्त्वावर. कारण साधं आहे, एकच घोडा दर वेळी जिंकायला लागला तर पैसे कोण लावणार. आजोबा सांगायचे, जॉकीचं वजन जिवंत असतं, तो पुढे झुकतो, घोड्याबरोबर हलतो, पण शिसं मेलेलं असतं, ते नुसतं पाठीवर बसून राहतं. लहानपणी मला हे काहीच कळलं नव्हतं.

१९३० च्या मेलबर्न कपला फार लॅपवर ६२.६ किलो टाकलं होतं. आणि दोन मैल, म्हणजे ३२०० मीटर पळायचं. तरी तो इतका फेव्हरिट होता की ८ ते ११ असा भाव लागला, म्हणजे अकरा लावा तेव्हा वर आठ मिळणार, त्या रेसच्या सगळ्या इतिहासात इतका कमी भाव दुसऱ्या घोड्याला मिळालेला नाही. बुकींचं काय होणार होतं ते समजा. रेसच्या तीन दिवस आधी, १ नोव्हेंबरच्या सकाळी, टॉमी वुडकॉक नावाचा त्याचा मोतद्दार एका तट्टावर बसून फार लॅपला सरावावरून परत घेऊन येत होता, तेव्हा एका मोटारीतून घोड्यावर गोळी झाडली गेली. वुडकॉकने आपलं तट्टू मध्ये घातलं, म्हणजे गोळी आणि घोडा यांच्या मध्ये तो स्वतः. नेम चुकला. माणूस पंचविशीतला, पगार तो काय असणार, आणि घोडा त्याच्या मालकीचा पण नाही. मला या सगळ्या गोष्टीत हा क्षण सगळ्यात मोठा वाटतो, कपपेक्षा मोठा. त्याच दुपारी घोडा पळाला आणि जिंकला. मग त्याला जीलाँगजवळच्या एका स्टड फार्मवर लपवून ठेवलं, मंगळवारी आणून मेलबर्न कप पळवला, जॉकी जिम पाइक, तीन लेंथने, म्हणजे तीन घोड्यांच्या लांबीएवढ्या अंतराने जिंकला. गुरुवारी परत जिंकला. शनिवारी परत. आठ दिवसांत चार रेस आणि चारही जिंकल्या.

दिवस मंदीचे होते हे लक्षात घ्या. ऑस्ट्रेलियात तीन-चार माणसांत एक बेकार, घरं जप्त होतायत, लोक झोपड्या बांधून राहतायत. अशा वेळी १६० गिनींचा, मालकाला नकोसा झालेला घोडा दर शनिवारी जिंकतोय. लोकांना त्याच्यात आपलं कोणीतरी दिसलं असणार, मला तरी तसंच वाटतं.

पुढच्या वर्षी हँडिकॅपरने, म्हणजे कुणावर किती वजन ते ठरवणाऱ्या माणसाने, त्याच्यावर ६८ किलो टाकलं. आजवर मेलबर्न कप जिंकलेल्या घोड्यावरचं सगळ्यात जास्त वजन ६५.८ किलो आहे, १८९० साली कार्बाइनने वाहिलेलं, आणि याच्यावर त्याहूनही जास्त. त्या वर्षी जिंकलेल्या व्हाइट नोजवर फक्त साडेत्रेचाळीस किलो होतं. फरक साडेचोवीस किलोचा. सिमेंटची अर्धी गोणी पाठीवर घेऊन रिकाम्या माणसाबरोबर पळून बघा आणि मग सांगा. फार लॅप आठवा आला. त्याला लोक अपयश म्हणतात तेव्हा मला राग येतो, तो घोडा हरला नव्हता, त्याला दाबला होता.

ऑस्ट्रेलियात असंच वजन चढत जाणार म्हणून, आणि तिकडे बक्षीस मोठं म्हणून, डेव्हिसने त्याला अमेरिकेला न्यायचं ठरवलं. टेलफर्ड गेला नाही, ट्रेनर म्हणून वुडकॉक गेला. बोटीचा लांब प्रवास, वेगळं हवामान, आयुष्यात पहिल्यांदा गवताऐवजी मातीचा ट्रॅक, आणि त्यात खुराला चीर पडलेली. २० मार्च १९३२ ला मेक्सिकोत तिहुआनाच्या आग्वा कालिएंते ट्रॅकवर तो पळाला, सगळ्यांच्या बाहेरून वळसा घेऊन पुढे गेला आणि ट्रॅक रेकॉर्ड करून जिंकला.

आणि बरोबर सोळा दिवसांनी, ५ एप्रिलला, कॅलिफोर्नियात मेन्लो पार्कजवळच्या एका फार्मवर सकाळी वुडकॉकला तो वेदनेने तळमळताना सापडला, अंगात ताप. काही तासांत आत रक्तस्राव होऊन गेला. वय साडेपाच वर्षं.

आता तुमचा विषाचा प्रश्न. ऑस्ट्रेलियात लगेच बोललं गेलं की अमेरिकन गुंडांनी मारला. कोणी म्हणालं झाडांवर फवारलेलं कीटकनाशक पोटात गेलं, कोणी म्हणालं आतड्याचा जीवाणूंचा आजार, घोड्यांमध्ये तो होतो आणि झटक्यात नेतो. २००६ मध्ये त्याच्या आयाळीचे केस अमेरिकेत सिंक्रोट्रॉन नावाच्या मोठ्या यंत्राच्या एक्स-रे किरणांखाली तपासले, आणि त्यात निघालं की मरायच्या आधीच्या तीस-चाळीस तासांत त्याच्या पोटात आर्सेनिकचा मोठा डोस गेला होता. म्हणजे सोमल. पण इथे थांबा, लगेच खून म्हणू नका. त्या काळी रेसच्या घोड्यांना टॉनिक म्हणून थोडं आर्सेनिक देणं ही सर्रास पद्धत होती, भूक लागते, कातडीला चमक येते म्हणून. टेलफर्डची स्वतःच्या हाताने लिहिलेली टॉनिकांची वही मेलबर्नच्या म्युझियमकडे आहे, त्यात आर्सेनिक आणि कुचल्याचं विष असलेल्या कृती आहेत. माझं मत विचाराल तर गुंडांपेक्षा टॉनिकचं माप चुकलं असणं मला जास्त पटतं. कुणी दिलं, किती दिलं, हे सिद्ध झालेलं नाही आणि मी कुणावर बोट ठेवणार नाही. पण आजोबांनी घोड्यांना औषध पाजताना मी बघितलंय, हातावर ओतून, वासावरून, अंदाजाने. जीव लावणाऱ्या माणसाकडूनसुद्धा अंदाज चुकू शकतो.

गेल्यावर त्याची वाटणी झाली. कातडं मेलबर्नला, तेच तुम्ही बघितलेलं. हाडं न्यूझीलंडला, वेलिंग्टनच्या ते पापा म्युझियममध्ये. हृदय कॅनबेराला, ६.२ किलोचं, साधारण घोड्याच्या कितीतरी मोठं. इकडे अजूनही कुणाच्या धैर्याचं कौतुक करायचं असलं की म्हणतात, याचं काळीज फार लॅपएवढं आहे, आपण वाघाचं काळीज म्हणतो ना तसं. २०१० मध्ये मेलबर्न कपच्या दीडशेव्या वर्षाला ती हाडं थोड्या दिवसांसाठी इथे आणून कातड्याशेजारी उभी केली होती. मी तेव्हा इथे नव्हतो, याची हळहळ आहे.

वुडकॉक मात्र त्याला फार लॅप म्हणायचाच नाही, बॉबी म्हणायचा. पुढे तो स्वतः ट्रेनर झाला, आणि १९७७ मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, त्याचा रेकलेस नावाचा घोडा मेलबर्न कपला दुसरा आला. त्या वेळचा एक फोटो आहे, सापडला तर नक्की बघा. तबेल्यात घोडा आडवा झालाय आणि म्हातारा त्याच्याशेजारी पेंढ्यात पडलाय.