कॉमेंट्री नको, पण मग लिलाव कळणार कसा?

प्रश्न: दादा, हर्णै बंदरातल्या संध्याकाळच्या मासळी लिलावावर डॉक्युमेंटरी करतोय. कॉमेंट्री नाही, मुलाखती नाहीत, जे घडतंय तेच दाखवायचं असं ठरवलंय. पाच दिवस मोबाइलवर शूट केलं पण मावश्या कॅमेऱ्याकडे बघून हसतात नाहीतर ‘कुठल्या च्यानलचा रे तू?’ विचारतात, आणि मित्र म्हणतात काही कळत नाहीये, व्हॉइसओव्हर टाक. काय करू?
— एक वाचक, दापोली

उत्तर: व्हॉइसओव्हर नको. पण मित्रांचंही चुकत नाहीये हं, तुम्ही बहुतेक पाच दिवस नुसती गर्दी शूट केलीय.

अमेरिकन डॉक्युमेंटरीकार फ्रेडरिक वाइजमनची १९९९ ची ‘बेलफास्ट, मेन’ मिळाली तर बघा. अमेरिकेतलं समुद्रकाठचं छोटं गाव, चार तासांहून थोडी मोठी फिल्म, ना निवेदन ना मुलाखत. त्यात सार्डिनचा कारखाना आहे, सार्डिन म्हणजे आपल्या तारलीची बहीणच, तो मासा डब्यात जाईपर्यंत कॅमेरा नुसता हातांकडे बघत राहतो आणि कोणी न सांगता सगळं कळतं, कारण कामालाच सुरुवात आणि शेवट असतो. तुम्हीही एकच टोपली पकडा. बोट पाण्यात उभी, तिथून होडीने किंवा बैलगाडीने मासळी काठावर, मग ढीग, बोली, बर्फ, टेम्पो. टोपली टेम्पोत चढेपर्यंत तिला सोडायचं नाही, मधे सुवर्णदुर्ग कितीही छान दिसू दे.

आवाजाचं मात्र मनावर घ्या. वाइजमन स्वतः माइक धरायचा, कॅमेरा दुसऱ्याकडे. लिलाव म्हणजे अर्धा आवाजच की, आणि मोबाइलचा माइक त्या वाऱ्यात फक्त फडफड देतो, म्हणून छोटा रेकॉर्डर घ्या, त्याला केसाळ कव्हर घाला आणि मित्राला बोली लावणाऱ्याच्या शेजारी उभा करा.

आणि एक, भरती रोज साधारण ५० मिनिटं उशिरा येते. म्हणजे पहिल्या आणि पाचव्या दिवसात तीन तासांहून जास्त फरक. हे दोन दिवस एकाच संध्याकाळचे म्हणून जोडलेत तर पुण्यामुंबईच्या माणसाला पत्ता लागणार नाही, पण हर्णैचं शेंबडं पोरसुद्धा म्हणेल, अरे मघाशी तर ओहोटी होती!

मावश्यांचं म्हणाल तर दोन-तीन संध्याकाळी फोन खिशात ठेवूनच जा, बांगडे घ्या, भावात एकदा फसा, काय करतोय ते सरळ सांगा आणि भांडण किंवा पैशाचा हिशेब शूट करायच्या आधी विचारा. ‘कुठल्या च्यानलचा’ हा शॉट मात्र कापू नका, मला तर तोच ऐकायचाय.

जून-जुलैत मासेमारीला बंदी असते तेव्हाही एक चक्कर मारा. बोटी वर ओढलेल्या असतात, माणसं जाळी दुरुस्त करत बसलेली असतात आणि तोवर त्यांना तुमच्याकडे बघायचा कंटाळाही आलेला असेल.