वाचकांचे प्रश्न : उमराव घराण्यातली बदनामी कादंबरीत कशी उभी करावी?

इंग्लंडच्या उमराव समाजात खळबळ उडवणाऱ्या स्त्रियांवर ऐतिहासिक कादंबरी लिहिणाऱ्या वाचकांचे काही प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथे देत आहोत. बहुतेक कथानकं १७७० ते १८४० या काळातली आहेत.

प्रश्न : माझी नायिका एका अर्लची पत्नी आहे. १८१५ साली ती प्रियकराबरोबर निघून जाते. दोन महिन्यांत घटस्फोट होतो आणि ती त्याच्याशी लग्न करते. न्यायालयात ती देते ती जबानी हा कादंबरीचा कळस आहे. हे ऐतिहासिकदृष्ट्या चालेल का?

उत्तर : घटस्फोट होऊ शकतो. दोन महिन्यांत मात्र नाही, आणि जबानी तर नाहीच. त्या काळी पुन्हा लग्न करण्याची मोकळीक देणारा घटस्फोट फक्त पार्लमेंटच्या खास कायद्यानं मिळायचा, आणि तिथे पोचायला तीन पायऱ्या होत्या. पहिली पायरी दिवाणी दाव्याची. नवरा प्रियकरावर ‘क्रिमिनल कॉन्व्हर्सेशन’चा, म्हणजे आपल्या पत्नीशी व्यभिचार केल्याचा, दावा लावून नुकसानभरपाई मागायचा. दुसरी धर्मपीठाच्या न्यायालयाची. तिथे साक्षी लेखी नोंदवल्या जात, ज्यूरी नसे, आणि शेवटी मिळे ती फक्त वेगळं राहण्याची परवानगी. तिसरी पायरी म्हणजे हाऊस ऑफ लॉर्ड्समध्ये विधेयक, मग कॉमन्स, मग राजाची संमती. यात घाई केली तरी पळून गेल्यापासून वर्षभर धरा. पार्लमेंटचं अधिवेशन नसेल तर विधेयक अडून राहतं, त्यामुळे नायिका कोणत्या महिन्यात घर सोडते हे आधी ठरवा. जुलैअखेरीस निघाली, तर पुढचा हिवाळा नुसता वाट पाहण्यात जाईल.

१८०९ नंतरच्या कथानकासाठी आणखी एक बाब हाताशी ठेवा. लॉर्ड्सच्या नियमाप्रमाणे अशा विधेयकात ‘दोषी पत्नीनं त्याच पुरुषाशी लग्न करू नये’ असं कलम घालून आणावं लागे. पुढे चर्चेत ते बहुतेक वेळा वगळलं जाई. पण वगळलं जाईपर्यंत तुमच्या नायिकेचा जीव टांगणीला लागलेला असेल. हा ताण कायद्यातूनच आयता मिळतो, तो वाया घालवू नका.

आता जबानी. दिवाणी दाव्यात पत्नी पक्षकारच नसायची. खटला दोन पुरुषांमधला, आणि पुराव्याच्या तेव्हाच्या नियमांनुसार नवरा, बायको, प्रियकर या तिघांनाही साक्ष देता येत नव्हती. कॅरोलिन नॉर्टनच्या नवऱ्यानं १८३६ साली खुद्द पंतप्रधान लॉर्ड मेलबर्नवर दावा लावला, तेव्हा तिच्या अब्रूचा निकाल तिला एक शब्दही बोलू न देता लागला. ज्यूरीनं जागेवरून न उठता मेलबर्नना निर्दोष ठरवलं, पण तिची मुलं नवऱ्याकडेच राहिली.

मग बोलायचं कोणी? नोकरांनी. चादरी कोणी बदलल्या, उशीवर डोक्याचे खळगे किती होते, दाराला आतून कडी होती का, हे मोलकरणी, खानसामे आणि खानावळीतले नोकर शपथेवर सांगत. उलटतपासणीत त्यांना विचारत की मालकाकडून पैसे मिळाले का, कामावरून काढलंय का. कळस कोर्टातच हवा असेल तर नायिकेला घरी वाट पाहत बसवा आणि पिंजऱ्यात तिच्या मोलकरणीला उभं करा. या खटल्यांचे वृत्तांत छापून विकले जात, म्हणजे दुसऱ्या दिवशी तोच तपशील नायिकेच्या हातात छापील पडू शकतो.

नमुना म्हणून १७८२ चा वर्स्ली खटला पाहा. सर रिचर्ड वर्स्ली यांनी कॅप्टन बिसेटकडे २०,००० पौंड मागितले आणि ज्यूरीनं एक शिलिंग दिला. कारण मेडस्टनच्या स्नानगृहात पत्नी कपडे बदलत असताना सर रिचर्ड यांनीच बिसेटला खांद्यावर घेऊन खिडकीतून बघू दिलं होतं, हे साक्षीत उघड झालं. नवऱ्याची संमती दिसली की भरपाईचा आकडा कोसळतो. पण लेडी वर्स्ली सुटली नाही. नवऱ्यानं घटस्फोट घेतलाच नाही, आणि १८०५ मध्ये तो मरेपर्यंत तिला दुसरं लग्न करता आलं नाही. बायकोनं स्वतः घटस्फोट मागणं तर फारच दुर्मीळ. १८५७ पूर्वी पार्लमेंटकडून तो मिळवणाऱ्या स्त्रिया चारच, पहिली १८०१ साली. नवऱ्याचा नुसता व्यभिचार त्याला पुरत नसे.

प्रश्न : बदनाम स्त्रीला वाळीत टाकलं, एवढं लिहून भागत नाही. प्रत्यक्षात काय काय बंद होत असे?

उत्तर : आधी हे पक्कं करा की तिचं प्रकरण उघडं पडलं आहे की फक्त सगळ्यांना ठाऊक आहे. या दोन अवस्थांत जमीनअस्मानाचा फरक होता. डेव्हनशरची डचेस जॉर्जियाना हिच्या घरात नवऱ्याची प्रेयसी लेडी एलिझाबेथ फॉस्टर वर्षानुवर्षं राहत होती, आणि लंडन त्याच घरी जेवायला येत होतं. डचेसला स्वतःला चार्ल्स ग्रेपासून दिवस गेले तेव्हा नवऱ्यानं तिला परदेशी धाडलं. १७९२ च्या फेब्रुवारीत तिकडेच मुलगी झाली, ती ग्रेच्या आईवडिलांनी वाढवली. डचेस १७९३ मध्ये परतली आणि पुन्हा समाजात वावरली. दावा नाही, छापील वृत्तांत नाही, म्हणून दारं उघडी राहिली.

उघड्यावर आलेल्या स्त्रीचं काय व्हायचं, ते लेडी हॉलंडच्या आयुष्यात दिसतं. १७९७ च्या जुलैत पहिल्या नवऱ्यापासून घटस्फोट झाला आणि दोनच दिवसांत तिनं लॉर्ड हॉलंडशी लग्न केलं. पुढे हॉलंड हाऊसमध्ये मंत्री, कवी, वकील जेवायला येत, पण त्यांच्या बायका सहसा येत नसत. मला वाटतं, हे चित्र कुठल्याही भर सभेतल्या अपमानापेक्षा जास्त बोलतं : लांबलचक मेज, सगळे पुरुष, आणि यजमानीण एकटी. राजदरबारी हजेरी बंद, भेटीची कार्डं परत येत नाहीत, नाटकगृहात शेजारच्या बॉक्समधल्या ओळखीच्या बायका नजर फिरवतात.

ऑलमॅक्सचा प्रसंग घालणार असाल तर दार, दिवस आणि वेळ नीट घाला. किंग स्ट्रीटवरच्या या सभागृहात बुधवारी नृत्य होई, प्रवेशपत्र उमराव स्त्रियांचं मंडळ देई, आणि रात्री अकरानंतर दार बंद होई. लेडी कॅरोलिन लॅम्बनं १८१६ मध्ये कादंबरीत ओळखीच्या माणसांची चित्रं रंगवली आणि तिला हे दार बंद झालं. कवी बायरनशी तिचं प्रकरण त्याच्या चार वर्षं आधी, १८१२ मध्ये गाजलं होतं, ते मात्र चालून गेलं होतं.

प्रश्न : प्रियकरापासून झालेलं मूल घराण्याचा वारस ठरू शकतं का? आणि आधीची मुलं आईकडे राहतील?

उत्तर : विवाहित स्त्रीचं मूल कायद्यानं नवऱ्याचंच. गर्भ राहिला त्या सुमारास पतीपत्नीची गाठ पडणं शक्यच नव्हतं, हे दुसऱ्या साक्षीदारांनी सिद्ध करावं लागे. पतीपत्नीला स्वतः तसं सांगून मूल अनौरस ठरवता येत नसे. म्हणून नवरा मनातून जाणत असूनही गप्प बसतो, हे कथानक पूर्ण पटणारं आहे. मुलगी झाली तर पदवीचा प्रश्न बहुधा उद्भवत नाही. पहिलाच मुलगा झाला तर जमीनजुमला आणि पदवी दोन्ही त्याच्याकडे जातात, म्हणून उमराव घरांत ‘आधी वारस, मग बाकीचं’ हे जपलं जाई.

आधीच्या मुलांवर हक्क बापाचा. १८३९ पर्यंत आईला कायद्याचा आधार जवळजवळ नव्हता. त्या वर्षीच्या कायद्यानं सात वर्षांखालच्या मुलांचा ताबा आणि मोठ्या मुलांची भेट मागता येऊ लागली, पण व्यभिचार सिद्ध झालेल्या आईला नाही. वर उल्लेख आलेल्या लेडी हॉलंडनं १७९६ साली आपली लहान मुलगी गोवरानं गेल्याचं भासवून खोटं दफन केलं होतं. १७९९ मध्ये तिला मुलगी परत सोपवावी लागली. नायिकेच्या हातून असलं टोकाचं पाऊल लिहायला बिचकत असाल तर बिचकू नका.

प्रश्न : चोरट्या भेटीच्या प्रसंगात कपड्यांचा तपशील किती द्यावा?

उत्तर : जेवढ्यानं गोष्ट पुढे सरकेल तेवढा. सगळ्यात उपयोगी पडतात ते ‘स्टेज’, म्हणजे आत घालायचा ताठ, पाठीमागे बांधायचा चोळीसारखा कपडा. त्याची भोकं दोन्ही कडांना एकासमोर एक नसून वरखाली असत आणि एकच लांब दोरी नागमोडी ओवत नेत. ती स्वतःच्या पाठीवर एकटीनं नीट ओवणं कठीण. प्रियकरानं बांधली आणि मधलं एक भोक चुकलं, किंवा गाठ वरच्या टोकाला पडायची ती खाली पडली, तर रात्री मोलकरणीच्या बोटांना लगेच कळतं. कोर्टातली साक्ष इथेच जन्माला येते. पुढून झटकन उघडणारी कॉर्सेट एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला रुळली, ती १८१५ मध्ये नको. १७८० च्या आसपासचा झगा पुढच्या बाजूला टाचण्यांनी बसवलेला असे. हरवलेली टाचणीसुद्धा बोलू शकते.

प्रश्न : नायिकेला टपालानं गुप्त पत्रं येतात. पाकिटावरचं अक्षर नवरा ओळखतो. ठीक?

उत्तर : पाकीट काढा. टपालखर्च कागदांच्या संख्येवर होता आणि पाकीट म्हणजे दुसरा कागद, दुप्पट पैसे. त्याच कागदाची घडी घालून लाखेनं मोहोर करत आणि पाठीवर पत्ता लिहीत. शिवाय १८४० पर्यंत लांबच्या पत्राचे पैसे बहुधा घेणाऱ्यानं भरायचे. १८१५ मध्ये शंभर मैलांवरच्या एका कागदाला ९ पेन्स पडत. म्हणजे पत्र दाराशी येतं, नोकर पैसे देतो, आणि घरखर्चाच्या वहीत नोंद पडते. नवऱ्याला अक्षर ओळखायची गरजच नाही, महिनाअखेरीस वही चाळली तरी पुरे. पार्लमेंट सदस्याच्या सहीनं पत्र फुकट जाई. प्रियकर सदस्य असेल तर वहीत काही उरत नाही, पण बाहेर त्याची सही दिसते.

प्रश्न : ‘लेडी’ नावाला लावायचं की आडनावाला?

उत्तर : ड्यूक, मार्क्विस किंवा अर्लची मुलगी असेल तर नावाला : लेडी कॅरोलिन. बॅरन किंवा सर पदवीधारकाची बायको असेल तर पदवीला किंवा आडनावाला : लेडी हॉलंड, लेडी वर्स्ली. ड्यूकची बायको डचेस, तिला ‘लेडी’ म्हणून हाक मारू नये. अर्लची मुलगी साध्या माणसाशी लग्न करून गेली तरी तिचं ‘लेडी’ आणि पाळण्यातलं नाव कायम राहतं, फक्त आडनाव बदलतं.