जॉन बोगल अब्जाधीश का झाले नाहीत?

तुमचा प्रश्न असा की, 2019 मध्ये जवळपास पाच ट्रिलियन (पाच लाख कोटी) डॉलर सांभाळणारी व्हॅनगार्ड ही अमेरिकन म्युच्युअल फंड कंपनी ज्या माणसाने उभी केली, तो त्याच वर्षी गेला तेव्हा त्याची मालमत्ता आठ कोटी डॉलरच्या आसपास असल्याचं छापून आलं. फिडेलिटी या दुसऱ्या फंड कंपनीचं जॉन्सन कुटुंब अब्जावधींत लोळतं, मग बोगल काय साधू होते का?

साधू नव्हते. पगार चांगला घ्यायचे, ताठ आणि हट्टी होते. सरळ उत्तर इतकंच की व्हॅनगार्ड त्यांच्या मालकीची कधी नव्हतीच. ती तिच्या फंडांच्या मालकीची आहे आणि फंड गुंतवणूकदारांचे. ही रचना त्यागातून जन्मली असं सगळे लिहितात. मला ते अर्धंच खरं वाटतं. उरलेलं अर्धं म्हणजे त्यांना नोकरीवरून काढलं होतं.

बोगल 1929 चे. महामंदीत घरचा पैसा गेला, वडील दारूच्या आहारी गेले. ब्लेअर अकॅडमी या शाळेत शिष्यवृत्तीवर शिकताना त्यांनी जेवणाच्या टेबलांवर वाढप्याचं काम केलं. पुढे प्रिन्स्टनला अर्थशास्त्र. 1951 चा त्यांचा प्रबंध म्युच्युअल फंडांवर होता, आणि तो फिलाडेल्फियाच्या वेलिंग्टन फंडाचे संस्थापक वॉल्टर मॉर्गन यांना इतका आवडला की त्यांनी पोराला नोकरीच दिली. पुढची पंधरा वर्षं चढतीची.

मग 1966 मध्ये बोगलनी घोडचूक केली. बाजार तेजीत होता, वेलिंग्टनचा सावध फंड लोकांना मचूळ वाटू लागला होता. म्हणून त्यांनी बॉस्टनच्या एका तेजतर्रार फर्मशी विलीनीकरण केलं. तिथल्या भागीदारांचा फंड तेव्हा धावत होता. 1973-74 च्या मंदीत तो असा आपटला की विचारू नका, आणि जानेवारी 1974 मध्ये त्याच भागीदारांनी बोगलच्या हातात नारळ दिला.

इथे अमेरिकन कायद्यातली एक गंमत कामी आली. तिथे फंड ही वेगळी कंपनी असते आणि त्याचं व्यवस्थापन करणारी कंपनी वेगळी. दोघांची संचालक मंडळं वेगळी. बोगलना काढलं ते व्यवस्थापन कंपनीने. फंडांचे अध्यक्ष ते अजून होतेच! त्यांनी फंडांच्या मंडळापुढे जाऊन सांगितलं की आपण स्वतःचीच कंपनी काढू. महिनोन् महिने घासाघीस झाली आणि शेवटी तडजोड अशी निघाली: नव्या कंपनीने फक्त हिशेब, कागदपत्रं, कारकुनी बघायची. शेअर निवडायचं आणि फंड विकायचं काम जुन्या कंपनीकडेच राहील. वेलिंग्टन हे नावही त्यांनी दिलं नाही. त्याच सुमारास जुनी चित्रं विकणारा एक माणूस बोगलच्या ऑफिसात आला, ब्रिटिश आरमाराची चित्रं घेऊन. त्यातून नेल्सनच्या 1798 च्या नाईलच्या लढाईतल्या जहाजाचं नाव सापडलं, व्हॅनगार्ड. सप्टेंबर 1974 मध्ये कंपनी नोंदली गेली. तिथले कर्मचारी आजही ‘क्रू’ म्हणवतात.

आता बघा, शेअर निवडायला बंदी असलेल्या माणसाने काय करावं? ज्यात शेअर निवडावेच लागत नाहीत असा फंड काढावा! एस अँड पी 500 या अमेरिकेतल्या 500 मोठ्या कंपन्यांच्या निर्देशांकातल्या कंपन्या, त्याच प्रमाणात, डोळे मिटून घ्यायच्या. यालाच इंडेक्स फंड म्हणतात. हे व्यवस्थापन नाहीच, असा युक्तिवाद करून बोगलनी मंडळाकडून होकार मिळवला. अर्थशास्त्रज्ञ पॉल सॅम्युएल्सन यांनी 1974 मध्ये असा फंड कुणीतरी काढावा असं लिहिलं होतंच, त्याचा आधार मिळाला. पण ज्या फंडाला लोक आज पुण्याईचं काम म्हणतात, त्याच्या मुळाशी शुद्ध पळवाट आहे, आणि मला बोगल आवडतात ते त्यामुळेच.

ऑगस्ट 1976 ची विक्री मात्र पडली. 15 कोटी डॉलर जमवायचे होते, जमले 1 कोटी 13 लाख. दलालांनी सुचवलं, गुंडाळून टाका, एवढ्यात 500 कंपन्या येणारही नाहीत. बोगल म्हणाले, राहू दे. मग सुमारे 280 कंपन्यांचे शेअर घेऊन गाडं सुरू झालं. बाजारात नाव पडलं, ‘बोगलचा मूर्खपणा’.

पण शेअर निवडणाऱ्यांना पोसायचं नाही, मालकाला नफा द्यायचा नाही, म्हणून हा फंड स्वस्त पडायचा. या खर्चाचं महत्त्व मला स्वतःला फार उशिरा कळलं. ओळखीतल्या एका काकांनी करून दिलेल्या एसआयपीच्या स्टेटमेंटवर फंडाच्या नावापुढे बारीक अक्षरात ‘रेग्युलर’ (म्हणजे वितरकाचं कमिशन धरून) लिहिलेलं होतं, ते मी सहा वर्षं वाचलंच नाही. आपल्याकडे जानेवारी 2013 पासून ‘डायरेक्ट’ प्लॅन आहेत, त्यात वितरकाचं कमिशन नसतं. एक लाख रुपये 25 वर्षं 12 टक्क्यांनी वाढले तर 17 लाख होतात, 11 टक्क्यांनी वाढले तर 13 लाख 59 हजार. दर साल एकच टक्का, पण साडेतीन लाखांच्या आसपास फरक! काकांवर राग नाही, लग्नाला आले तेव्हा आहेर भरघोस केला होता. आता कळतंय कुठून केला ते.

बोगलच्या तब्येतीची गोष्ट थोडक्यात. पहिला हृदयविकाराचा झटका एकतिसाव्या वर्षी आला. 1996 मध्ये फिलाडेल्फियात हृदय बदललं, त्यासाठी 128 दिवस इस्पितळात वाट पाहिली. त्यानंतर जवळपास 23 वर्षं जगले. स्वतःच्या धंद्यावर टीका करायलाही ते कधी कचरले नाहीत. ईटीएफची, म्हणजे शेअरसारखा दिवसभर बाजारात विकता येणाऱ्या फंडाची, कल्पना घेऊन आलेल्याला 1992 मध्ये त्यांनी परत पाठवलं होतं, कारण दिवसभर खरेदी-विक्री करणं त्यांना जुगार वाटायचा. ते पदावरून गेल्यावर, 2001 मध्ये, व्हॅनगार्डने ते काढलेच. मरणाच्या दोन महिने आधी, इंडेक्स फंडांच्या हाती सगळ्या कंपन्यांमधले भागधारकांचे मतदानाचे हक्क एकवटतील, अशी चिंता त्यांनी वर्तमानपत्रात लिहिली.

राहता राहिला त्यांच्या पैशांचा हिशेब. मे 2017 मध्ये ओमाहाला आपल्या बर्कशायर कंपनीच्या भागधारकांच्या सभेत नामवंत गुंतवणूकदार वॉरन बफेंनी बोगलना उभं राहायला सांगितलं. दोन दिवसांनी बोगलना अठ्ठ्याऐंशी पूर्ण होणार होती. बफे म्हणाले, या माणसाने गुंतवणूकदारांच्या खिशात अब्जावधी डॉलर टाकले आहेत. तुम्ही ज्या अब्जांबद्दल विचारताय, ते तेच.