काळाची डागडुजी : विज्ञानकथा लिहिणाऱ्यांच्या शंका

काळ दुरुस्त करणाऱ्या काल्पनिक यंत्रांबद्दल आलेल्या पत्रांपैकी चार पत्रं या अंकात घेतली आहेत.

प्रश्न : माझ्या कथेत एका गावातला काळ ११ मिनिटं थबकतो, बाकी जग पुढे जातं. नायक ‘कालसांधणी यंत्रा’चा खटका ओढतो आणि क्षणात सगळं जुळतं. वाचणारे म्हणतात, पटत नाही. कुठे चुकतंय?
– एक वाचक, सातारा

उत्तर : खटक्यातच. घड्याळं जुळवण्याचं काम करणारे उडी शक्यतो टाळतात. गावात ४.५५ वाजता उडी मारून एकदम ५.०६ केलेत, तर पाचचा गजर आणि पाचला सुरू होणारा पंपाचा टायमर, दोघांची वेळ उगवलीच नाही. उलट बाजू याहून वाईट. पुढे गेलेलं घड्याळ मागे ओढलं की पाच दोनदा वाजतात. पंप दोनदा चालतो, आणि बँकेच्या नोंदीत पैसे जमा होण्याआधीच काढलेले दिसतात. क्रम बिघडला की नुसती वेळ बरोबर असून भागत नाही.

म्हणून फरक जिरवतात : सेकंद किंचित आखूड किंवा लांब करत राहायचं. इंटरनेटवरून संगणकांची घड्याळं जुळवणाऱ्या एनटीपीच्या मूळ प्रोग्रॅममध्ये ही मर्यादा सेकंदामागे अर्धा मिलिसेकंद आहे. त्या वेगाने १ सेकंद भरून निघायला ३३ मिनिटं २० सेकंद लागतात. तुमच्या ११ मिनिटांना १५ दिवस, ६ तास, ४० मिनिटं लागतील. म्हणजे पंधरवडाभर गावाचा सेकंद जगापेक्षा आखूड! खटक्यापेक्षा या पंधरवड्यात कितीतरी जास्त कथा आहे.

आणखी दोन आकडे उपयोगी पडतील. फरक १२८ मिलिसेकंदांच्या पुढे गेलेला टिकून राहिला, तर हा प्रोग्रॅम नाइलाजाने उडी मारतो. १००० सेकंदांच्या पुढे गेला, तर काहीतरी भलतंच घडलंय असं धरून स्वतःच बंद पडतो, मग माणसाला हात घालावा लागतो. ११ ऐवजी १७ मिनिटं हरवू द्या, म्हणजे यंत्राने हात टेकल्याचा प्रसंग आयताच मिळेल.

प्रश्न : यंत्रात नेमके कोणते भाग दाखवावेत? नुसते दिवे आणि चक्रं लिहायचा कंटाळा आला आहे.
– एक वाचक, नागपूर

उत्तर : तीन पुरेत : संदर्भ (बरोबर वेळ सांगणारं घड्याळ), तुलना (फरक ओळखणं) आणि सुकाणू (चाल दुरुस्त करणं).

संदर्भासाठी सिझियम. त्याच्या अणूतल्या ठरावीक प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तनं म्हणजे एक सेकंद, ही सेकंदाची व्याख्याच आहे. पण एक घड्याळ ठेवू नका. त्याचं चुकलं तर कळणारच नाही. दोन ठेवलीत तर भांडण कळेल, चूक कोणाची ते कळणार नाही. किमान तीन हवीत, आणि एखादं बंद पडेल हे धरून चार.

संदर्भ तुटला की यंत्र आतल्या क्वार्ट्झ स्फटिकावर तग धरतं, आणि बिघाड तिथूनच शिरतो. साध्या घड्याळातला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. त्याची चाल साधारण २५ अंश सेल्सिअसला ठरवलेली असते. तापलं तरी मागे, गारठलं तरी मागे. तुमच्याकडच्या मे महिन्यात, ४५ अंशांत, तो दिवसाला सुमारे १.२ सेकंद मागे पडेल. यंत्र पत्र्याच्या शेडमध्ये ठेवा, खलनायकाची गरज उरणार नाही.

वाफेच्या जमान्यातली कथा असेल तर सुकाणू म्हणून लंबक घ्या. लंडनच्या बिग बेनच्या लंबकावर जुन्या पेनी ठेवून चाल दुरुस्त करत. वर एक नाणं ठेवलं की लंबकाचा गुरुत्वमध्य किंचित वर सरकतो आणि घड्याळ दिवसाला ०.४ सेकंद पुढे जातं. काळ दुरुस्त करायला खिशातली चिल्लर पुरते, हे कुठल्याही चक्राकार दिव्यापेक्षा जास्त पटतं.

प्रश्न : कथा १९३० च्या मुंबईत आहे. यंत्र कोणत्या वेळेवर लावलेलं दाखवू?
– एक वाचक, गिरगाव

उत्तर : दोन्ही वेळांवर. भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासून होती, पण मुंबई शहराने आपली ‘बॉम्बे टाइम’ १९५५ पर्यंत सोडली नाही. ती प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. रेल्वे प्रमाणवेळेवर चाले. तेव्हा नायकाला स्टेशनच्या आत आणि बाहेर ३९ मिनिटांची फट तयारच मिळते. तुमच्या यंत्राने ती ‘बिघाड’ समजून बुजवायला घेतली तर काय होईल, ते तुम्ही लिहा.

प्रश्न : ३१ डिसेंबर २०१६ च्या मध्यरात्री पुण्यात जो जादा सेकंद आला, त्यात माझं यंत्र शिरतं. चालेल ना?
– एक वाचक, पुणे

उत्तर : सेकंद खरा, वेळ चुकली. असा जादा सेकंद, म्हणजे लीप सेकंद, जागतिक वेळेच्या, म्हणजे यूटीसीच्या मध्यरात्री घालतात. पुण्यात तेव्हा १ जानेवारी २०१७ ची पहाट होती : ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर ६० वा सेकंद आला आणि मग साडेपाच वाजले. फटाके केव्हाच विझले होते, दूधवाले रस्त्यावर होते. प्रसंग बदलावा लागेल.

पर्यायी खुबीही आहे. काही मोठ्या सर्व्हरजाळ्यांनी तो सेकंद एकदम न घालता तासन्‌तास पसरून टाकला. २४ तासांत पसरायचा तर प्रत्येक सेकंद सुमारे ११.६ मायक्रोसेकंदांनी लांबतो. अशा जाळ्यावर बसवलेल्या यंत्राला ६० वा सेकंद दिसतच नाही, त्यामुळे आत शिरायला फटही नाही. १९७२ पासून असे २७ सेकंद वाढवले गेले. वगळलेला एकही नाही. तुमच्या पुढच्या कथेत सेकंद वाढवण्याऐवजी काढून घ्या, म्हणजे ५९ वा सेकंद न येताच ५८ नंतर थेट शून्य. सेकंद वगळण्यासाठी लिहिलेला कोड बहुतेक यंत्रणांत प्रत्यक्ष कधी चाललेलाच नाही.