पावणेदोन मीटर आणि दोनदा फेडलेला हातचा

प्रश्न : नमस्कार बाई. माझी मुलगी सहावीत आहे. एकाच गणिताची तिच्या वहीत तीन उत्तरं झाली आहेत. गणित असं : ५.२ मीटर कापडातून १.७५ मीटर फाडलं, तर उरलं किती? शाळेतून आली तेव्हा वहीत ३.५५ होतं, त्यावर फुली. रात्री तिच्या आजोबांनी सोडवून दाखवलं, ३.४५. माझे सासरे चाटी गल्लीत कापडाच्या दुकानात अडतीस वर्षं होते. ते वरच्या आकड्याला हात लावत नाहीत, खालच्या आकड्यात एक मिळवतात. मी मात्र वरचा आकडा खोडून एक कमी करते, मला शाळेत तसंच शिकवलं. माझंही ३.४५ आलं. सकाळी तिने एकटीने सोडवलं तर २.३५! आता ती विचारते, हातचा वरून घ्यायचा की खाली द्यायचा? सासरे म्हणतात, 'आम्हाला काय येत नव्हतं होय?' काय सांगू?
— एक आई, साखर पेठ, सोलापूर

उत्तर : आधी सासऱ्यांना माझा नमस्कार सांगा. चाटी गल्लीत अडतीस वर्षं कापड मोजलेल्या माणसाची वजाबाकी चुकत नसते. चुकली असती तर मालकाने पहिल्या दिवाळीच्या आतच घरी बसवलं असतं. तुमचीही रीत बरोबर आहे. लेकीचं ३.५५ आहे ते तिचं एकटीचं, आणि २.३५ आहे ते तुम्हा दोघांचं मिळून. दोन्ही चुकांची मुळं वेगळी आहेत.

३.५५ कसं आलं ते वही न बघता सांगते. एकतीस वर्षं महापालिकेच्या शाळेत फळ्यासमोर काढली, हे उत्तर मी इतक्यांदा पाहिलंय की समोर येताच ओळखीचं माणूस भेटल्यासारखं वाटतं. तिने दशांश चिन्हाखाली दशांश चिन्ह नीट मांडलं. ५.२ खाली १.७५. आता शेवटच्या ५ च्या डोक्यावर काहीच नाही. काहीच नाही तर वजा कशातून करायचं? म्हणून तिने ५ गुपचूप खाली उतरवला. मग १२ मधून ७ गेले ५, वर उरलेल्या ४ मधून १ गेला ३. झालं ३.५५.

तिला आळशी म्हणू नका. बेरजेत हीच युक्ती चालते. ५.२ आणि १.७५ मिळवा, तिथे ५ खाली उतरवला तरी उत्तर ६.९५ बरोबरच येतं. बेरजेतला ५ हा घरात येणारा पाहुणा, डोक्यावर कुणी असो नसो, आत येतो. वजाबाकीतला ५ हा वसुलीला आलेला माणूस. वरच्या घरात कुणी नाही म्हणून तो काही तुम्हाला पाच देऊन जाणार नाही.

तिला शिंप्याची टेप द्या. ५.२ मीटर म्हणजे ५ मीटर आणि किती सेंटिमीटर, विचारा. ती 'दोन' म्हणाली तर गाठ तिथेच आहे. दोन नाही, वीस. ५.२ आणि ५.२० कापड तेवढंच, फक्त रिकाम्या घरावर शून्याची पाटी लावली. आता ताळा करायला लावा : उरलेलं ३.५५ आणि फाडलेलं १.७५ मिळून ५.३०. तागा ५.२० चा, आणि कात्री लावल्यावर कापड दहा सेंटिमीटरने वाढलं! आजोबांना विचारा म्हणावं, असा तागा दुकानात कधी आला होता का.

आता हातचा. शतांशाच्या घरात ०, तिथून ५ द्यायचे आहेत. शेजारच्या दशांशाच्या घरात २. त्यातला एक दशांश मोडायचा. शंभराची नोट मोडून दहाच्या दहा घेतो, तसं एका दशांशाचे दहा शतांश. टेपवर बघा, मीटरचा दहावा भाग म्हणजे दहा सेंटिमीटर. १० मधून ५ गेले, ५. दशांशाच्या घरात आता १ उरला, त्यातून ७ जात नाहीत, म्हणून एक अख्खा मीटर मोडला : दहा दशांश आले, झाले ११. त्यातून ७ गेले ४. मीटरच्या घरात ४ उरले, १ गेला, ३. उत्तर ३.४५. चिन्हाच्या अलीकडे-पलीकडे जाताना मोडीचा भाव बदलत नाही, कुठेही एकाचे दहाच. मुलं चिन्हाला भिंत समजतात आणि भिंतीपलीकडून मागायला बिचकतात.

'उसना घेतला' हा शब्द मी वर्गात हळूहळू सोडून दिला. उसनी साखर परत करावी लागते. मुलं प्रामाणिक असतात, विचारतात, 'बाई, परत कधी द्यायचा?' मोडलेली नोट परत द्यायची नसते. 'सुट्टे केले' म्हटलं की हा प्रश्नच येत नाही.

सासरे करतात ते निराळं. ते म्हणतात, '० तून ५ जात नाहीत, १० तून ५ गेले ५, हातचा १. सात आणि एक आठ. १२ तून ८ गेले ४, हातचा १. एक आणि एक दोन. ५ तून २ गेले ३.' ते वरचं काही मोडत नाहीत. वरच्या संख्येला दहा शतांश चक्क फुकट देतात, आणि तेवढंच, म्हणजे एक दशांश, खालच्या संख्येतही घालतात. दोघं सारखेच वाढले, फरक तोच राहिला. दोन भावंडांना एकाच पायरीवर उभं केलं म्हणून त्यांच्या उंचीतलं अंतर बदलत नाही.

आणि २.३५? पोरीने तुमच्यासारखं वरचं मोडलं आणि आजोबांसारखं खालीही मिळवलं. प्रत्येक हातचा दोनदा फेडला. दशांशातलाही आणि मीटरातलाही. म्हणून तिचं उत्तर बरोबर १.१० ने कमी आहे : एक मीटर आणि एक दशांश. उत्तर असं १, ०.१ किंवा १.१ ने कमी आलं, तर आधी घरात दोन शिक्षक आहेत का ते बघावं.

मी हे शहाणपण जन्मतः घेऊन आले नव्हते. नोकरीच्या पहिल्याच वर्षी, पूर्व भागातल्या शाळेत, एका मुलाच्या वहीवर मी पानभर फुल्या मारल्या. उत्तरं बरोबर होती, पण हातचे खालच्या ओळीत बारीक अक्षरात लिहिलेले. दुसऱ्या दिवशी वडील आले. रात्रपाळी करून मागावरून थेट, केसांवर सुताची धूळ. घरची भाषा तेलुगू, माझ्याशी मराठीत बोलले : 'बाई, उत्तर चुकलं काय?' मी म्हटलं, नाही, रीत चुकली. 'रीत चुकली तर उत्तर कसं बरोबर येतं?' मला उत्तर देता आलं नाही. पायरीची गोष्ट मला त्यानंतर दोन दिवसांनी सुचली, आणि फुल्या खोडायला मात्र मी आठवडा लावला. अजून लाज वाटते.

तुम्ही असं करा : वहीत शाळेची रीत, कारण पायऱ्या तिथे तपासल्या जातात. आजोबांकडे ताळा सोपवा. शिवाय त्यांच्याकडून तिसरी एक गोष्ट शिकून घ्या, ती आता शाळेत मिळत नाही. १.७५ ला ते 'पावणेदोन' म्हणत असणार. या शब्दातच गणित सुटलेलं आहे : पाव कमी दोन. ५.२० मधून आधी सरळ २ काढा, ३.२०. जास्त काढलेला पाव परत घाला, ३.४५. कागद नको, हातचा नको. पावकी, निमकी, पाऊणकी, म्हणजे पाव, अर्धा, पाऊण यांचे पाढे, पाठ असलेली ती पिढी दशांश चिन्ह न बघताही अशी वजाबाकी दुकानाच्या पायरीवर उभ्या उभ्या करायची.

शून्यांची रांग आली की मुलं अजून घाबरतात. ३ किलो शेंगा चटणीतून १.३६५ किलो गेली : ३.००० मध्ये मोडायला शेजारी कुणीच नाही, थेट तिसऱ्या घरापर्यंत जावं लागतं. तिथे तीच पायरी उलटी वापरा. दोन्हीकडून एक-एक ग्रॅम काढून टाका. २.९९९ मधून १.३६४. एकही हातचा न घेता १.६३५.

प्रश्न : मी अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या एका कारखान्यात हजेरी लिहितो. आत ८.४५, बाहेर १७.१०, असं लिहून कॅल्क्युलेटरवर वजा करतो. ८.६५ तास येतात. मालक म्हणतात तुम्ही तास फुगवता. पण काही दिवशी हिशोब चोख जुळतो. मशीन बिघडलंय का?
— एक वाचक, सोलापूर

उत्तर : मशीन ठीक आहे. तुमचं टिंब दशांश चिन्ह नाही, एवढंच. ते तास आणि मिनिटांमधलं कुंपण आहे. तास मोडला की ६० मिनिटं सुटतात. कॅल्क्युलेटर बिचारा १०० सोडतो. १० मिनिटांतून ४५ जात नाहीत, म्हणून एक तास मोडा : ७० मधून ४५ गेले २५, १६ मधून ८ गेले ८. आठ तास पंचवीस मिनिटं.

जुळणारे दिवस कुठले तेही बघा. आत ८.१०, बाहेर १७.४० : तिथे हातचाच लागत नाही, म्हणून ९.३० बरोबर येतं. बाहेरची मिनिटं आतल्या मिनिटांपेक्षा कमी असतील तेव्हाच चूक होते, आणि दर वेळी नेमकी ०.४० ची, शंभर आणि साठमधल्या फरकाची. जुने कागद दुरुस्त करायचे असतील तर फक्त त्या दिवसांतून ०.४० काढा. ८.६५ चे ८.२५ होतील.

मात्र पुढे आणखी एक खड्डा आहे. ८.२५ ला तासाच्या दराने गुणू नका. समजा दर ६० रुपये. ८.६५ ने ५१९ रुपये होतात, ८.२५ ने ४९५. खरे होतात ५०५, कारण २५ मिनिटांचे २५ रुपये. एका चुकीत मालकाचे चौदा रुपये गेले, दुसरीत कामगाराचे दहा जातील. वहीत टिंबाऐवजी ८:२५ असं लिहायची सवय लावा.

मोडीचा भाव दहाच असतो हे आपल्याकडेही तसं अलीकडचंच. १ एप्रिल १९५७ पर्यंत रुपया मोडला की १६ आणे यायचे आणि आणा मोडला की ४ पैसे. माझे वडील हातचा घेताना मनात सोळा धरायचे. आजही पार्क मैदानावर कुणालाही विचारा : वीस षटकांपैकी १७.४ झाली, उरली किती? २.६ म्हणणाऱ्याला हाकलून देतील. षटक मोडलं की सहाच चेंडू सुटतात, उरली २.२.

प्रश्न : बाई, मी सातवीत आहे. उन्हाळ्यात सगळे म्हणतात उजनी मायनसमध्ये गेली. पण आम्ही उजनी धरणाच्या काठावर भिगवणला रोहित पक्षी बघायला गेलो होतो, तिथे पाणी होतं. पाणी मायनस कसं असेल?
— एक विद्यार्थी, जुळे सोलापूर

उत्तर : पाणी मायनस नसतं रे, वजाबाकी मायनस असते. उजनीत एकूण ११७.२३ टीएमसी पाणी मावतं. टीएमसी म्हणजे अब्ज घनफूट. त्यातलं तळाचं ६३.६६ टीएमसी हा मृतसाठा, म्हणजे धरणाच्या दारांच्याही खाली राहणारं पाणी. वरचं ते उपयुक्त. कर बघू, तीन हातचे लागतील : ११७.२३ मधून ६३.६६ गेले, ५३.५७. ताळाही करून बघ.

धरणाची टक्केवारी सांगतात ती या ५३.५७ वर. आता समजा धरणात ४८.९० टीएमसीच पाणी आहे. त्यातून ६३.६६ काढायचे. इथे कितीही मोडलंस तरी पुरणार नाही, मोडायला वर कुणी शिल्लकच नाही. आणि प्रत्येक घरात मोठ्यातून लहान काढायचा चावटपणा केलास तर २५.३६ असं भलतंच काहीतरी येईल. सरळ उलटं मांड : ६३.६६ मधून ४८.९० गेले १४.७६, आणि पुढे उणे चिन्ह लाव. ५३.५७ च्या मानाने ते होतात सुमारे २७.५५ टक्के. म्हणून 'उजनी उणे साडेसत्तावीस टक्के'.

मृत म्हणतात, पण ते पाणी मेलेलं नसतं. आपल्या शहराचं पिण्याचं पाणी त्यातूनही उचलतात. पातळी फार खाली गेली की दुबार पंपिंग, म्हणजे तेच पाणी दोन टप्प्यांत उपसणं, करावं लागतं, तो शब्द तू घरी ऐकला असशील. आणि तुझे रोहित पक्षी उथळ पाण्यात पाय रोवून चरतात. पाणी ओसरलं की त्यांचं फावतं.