'रशियन' नेमके कोणाला म्हणावे?

प्रश्न : रशियाने साम्राज्य उभारले आणि त्यापायी रशियन राष्ट्र घडायचे राहून गेले, असे इतिहासकार जेफ्री हॉस्किंग यांचे मत वाचनात आले. एवढा मुलूख जिंकणाऱ्या लोकांबाबत हे कसे पटावे?
— एक वाचक, सोलापूर

उत्तर : रशियन भाषेत यासाठी दोन शब्द आहेत. भाषेने आणि चालीरीतींनी रशियन असलेला तो 'रूस्की' आणि रशियन राज्याशी संबंधित ते 'रॉसीस्की'. मराठीत आपण दोन्हींना 'रशियन' म्हणून मोकळे होतो. आपल्या सोलापुरात घरी तेलुगू किंवा कानडी बोलणारा माणूस बिनदिक्कत 'मी सोलापूरकर' म्हणतो, तो शब्द 'रॉसीस्की'च्या जवळचा; अर्थात, शहराची साम्राज्याशी तुलना फार ताणू नये.

रशियाचा झार (सम्राट) चौथा इव्हान याने 1552 मध्ये तातारांचे कझान घेतले. तेथपासून 1917 पर्यंतचा काळ हॉस्किंग यांनी 1997 च्या आपल्या ग्रंथात तपासला आहे. राज्य वाढत गेले तसा सैन्याचा आणि पैशाचा भार प्रामुख्याने रशियन शेतकऱ्यावरच पडत गेला : झार पीटर द ग्रेटने बसवलेला डोईकर, लष्करातली जवळजवळ जन्मभराची सक्तीची भरती आणि शेतकऱ्याला मालकाच्या जमिनीशी बांधून ठेवणारी, 1861 पर्यंत टिकलेली भूदासप्रथा. उमरावांना मात्र तो कर माफ होता. त्यांनी दाढ्या उतरवल्या, युरोपीय पोशाख चढवला आणि पुढे ते घरातही फ्रेंच बोलू लागले, त्यामुळे मालक आणि भूदास दोघेही रशियन असून एकमेकांना परकेच राहिले. हे अंतर धर्माने सांधले असते. पण सतराव्या शतकात धर्मप्रमुख निकॉनच्या सुधारणांवरून चर्च दुभंगले आणि 1721 मध्ये पीटरने धर्मप्रमुखाचे पदच मोडून चर्चचा कारभार सरकारी धर्ममंडळाकडे सोपवला. या मांडणीतला हा भाग मला सर्वांत भक्कम वाटतो.

सोव्हिएत काळातही युक्रेनला, जॉर्जियाला आपापला कम्युनिस्ट पक्ष होता. सर्वांत मोठ्या रशियन प्रजासत्ताकाला मात्र 1990 पर्यंत नव्हता.

तेव्हा 'राष्ट्र नव्हते' यापेक्षा 'त्याच्या घडणीत साम्राज्य आडवे आले' असे म्हणणे हॉस्किंग यांना अधिक न्याय देणारे ठरेल. शंका एकच उरते, ती म्हणजे राष्ट्राचे माप पश्चिम युरोपचेच का घ्यावे? जमिनीची आपसात फेरवाटणी करणाऱ्या आणि कराची जबाबदारी एकत्र उचलणाऱ्या 'मीर' या ग्रामसमुदायात 'आपण' ही जाणीव होतीच. ती गावाच्या शिवेपलीकडे किती पोहोचत होती, हा खरा वादाचा मुद्दा. 1993 ची रशियन राज्यघटनाही 'आम्ही, बहुराष्ट्रीय जनता' अशीच सुरू होते आणि देशाच्या अधिकृत नावात शब्द आहे तो 'रॉसीस्की'चाच.