फ्लॅक ऐकलं पण फरक कळेना

प्रश्न: जुन्या रॉकचं मला लई वेड. मित्राने पेनड्राइव्हवर पिंक फ्लॉइडचा 'द डार्क साइड ऑफ द मून' फ्लॅकमध्ये दिला, म्हणाला ऐक बे, वेडा होशील. ब्लूटूथ इअरफोन लावून दोनदा ऐकला, माझ्या एमपीथ्रीसारखाच वाटला. लहानपण यंत्रमागांच्या खडखडाटात गेलंय, कान तर गेले नाहीत ना माझे?
— एक वाचक, अशोक चौक, सोलापूर

उत्तर: कानाचं नंतर बघू, आधी तो ब्लूटूथ काढा. सीडीचा आवाज सेकंदाला १४११ किलोबिटचा, एमपीथ्री त्यातला काही आवाज टाकूनच देते, फ्लॅक मात्र काहीही न टाकता फाइल फक्त घडी घालून लहान करतं, पण ब्लूटूथ तोच आवाज पुन्हा दाबून पाठवतो, साध्या एसबीसी पद्धतीने साधारण ३२८ किलोबिटपर्यंत आणि भारीतल्या एलडॅक पद्धतीने ९९० पर्यंत, म्हणजे तुम्ही फ्लॅक ऐकलंच नाही अजून. वायरवाला हेडफोन लावा, पाचशे-हजारचा पण चालतो.

दुसरं, फाइल खरी आहे का ते बघा. एमपीथ्रीचंच फ्लॅक करून वाटणारे खूप आहेत आणि विटलेली चादर इस्त्री करून नव्या पिशवीत घातली म्हणून उडालेला रंग परत येत नाही, हे सोलापूरकराला मी काय सांगणार! स्पेक नावाचं फुकटचं सॉफ्टवेअर आहे, त्यात फाइल टाका, आवाजाचं रंगीत चित्र दिसतं, खाली जाड सूर, वर बारीक. वरचा रंग १६ किलोहर्ट्झच्या आसपास पट्टीने कापल्यासारखा संपत असेल तर बहुतेक १२८ किलोबिटची एमपीथ्री फ्लॅकचं नाव लावून बसलीय. सीडीवरून नीट काढलेली असेल तर तो २०-२२ पर्यंत जातो.

आता खरं सांगू का, तुमची एमपीथ्री ३२० ची असेल तर मला पण डोळे मिटून फरक सांगता येत नाही, आणि छातीठोक सांगणाऱ्यांवर माझा फारसा विश्वास नाही. १२८ ला मात्र झांजा पाण्यात बुडवल्यासारख्या येतात. 'टाइम'च्या सुरुवातीला घड्याळं एकदम वाजतात ना (ती इंजिनिअर ॲलन पार्सन्सने घड्याळाच्या दुकानात रेकॉर्ड केली होती), तिथे दोन्ही फाइल लावून बघा. आणि या अल्बममध्ये गाणी एकमेकांत शिरतात, 'स्पीक टू मी'च्या शेवटची किंकाळी सरळ 'ब्रीद'मध्ये उतरते, एमपीथ्रीत बऱ्याच प्लेअरवर नेमका तिथेच बारीकसा खड्डा पडतो. फ्लॅकमध्ये तो पडायला नको. मला स्वतःला फ्लॅक घ्यायला एवढं एकच कारण पुरलं.

कानात शिट्टी वाजत राहते का, गर्दीत समोरच्याला "काय? काय?" करावं लागतं का? तसं असेल तर कानाच्या डॉक्टरकडे जाऊन ऑडिओमेट्री, म्हणजे ऐकण्याची तपासणी, करून घ्या, मागाच्या आवाजाने कान खरंच अधू होतात, ते हसण्यावारी नेऊ नका. नसेल तर मित्राला एवढंच विचारा की मूळ सीडी आहे का तुझ्याकडे, असली तर दोन दिवस मागून आणा.